भिंतीवरचा हीटर आणि आपल्या बाथरूममधला गिझर

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

परवा फोनवर बाबांनी विचारले, "झोपायच्या खोलीत गॅस पेटता ठेवता?" आणि मी हसून विषय बदलला; ते बरे केले नाही. डिसेंबरात तुम्ही इथे अमेरिकेत, व्हरमाँटला याल तेव्हा ज्या खोलीत झोपाल तिच्याच भिंतीवर हा गॅसचा हीटर आहे, म्हणून तो कसा बसवला हे सविस्तर लिहिते.

गेल्या जानेवारीत वादळामुळे दोन दिवस वीज नव्हती आणि घर गरम ठेवणारी तळघरातली भट्टी, तिचा पंखा विजेवर चालत असल्याने, तेल असूनही बंद पडली. म्हणून विजेशिवाय चालणारा हीटर घ्यायचे ठरले. ह्यात एक बारीक ज्योत सतत जळते आणि तिच्या धगीने एका धातूच्या कांडीत एवढीशी वीज तयार होते, जिच्यावर गॅसची झडप उघडी राहते. ज्योत विझली की वीज नाही, आणि वीज नाही की झडप बंद.

पाहणीला आलेल्या पहिल्या माणसाने धूर बाहेर नेणारी नळीच नसलेला स्वस्त हीटर सुचवला, कारण त्याला भिंत फोडावी लागत नाही. खोलीतला ऑक्सिजन कमी झाला की तो आपोआप बंद होतो हे खरे आहे; पण आपण श्वास घेतो तीच हवा तो जाळतो, आणि जळलेल्या गॅसची वाफही खोलीतच राहून काचांवर पाणी साचते. आम्ही नको म्हटले, तेव्हा तो जरा नाराजच झाला.

आम्ही बसवला त्याला नळीत नळी आहे: बाहेरच्या नळीतून बाहेरची हवा आत येते, आतल्या नळीतून धूर बाहेर जातो, आणि ज्योत काचेमागे पूर्ण बंदिस्त असल्याने खोलीतल्या हवेशी तिचा संबंधच येत नाही. गॅसची, म्हणजे प्रोपेनची, टाकी अंगणात आहे. तुमच्या सिलिंडरमध्ये प्रोपेन आणि ब्युटेनचे मिश्रण असते. इथल्या थंडीत ब्युटेनची वाफच होणार नाही, प्रोपेनची मात्र उणे ४२ अंशांपर्यंत होते.

काम परवानाधारक तंत्रज्ञाने केले, तरी मी शेजारीच उभी होते. त्याने प्रत्येक सांध्याला साबणाचा फेस लावला, आणि एका वळणावर मोहरीएवढे बुडबुडे हळूहळू फुगू लागले. आई, तू नवीन सिलिंडर लावलास की रेग्युलेटरपाशी हेच करतेस. त्याने तो सांधा उघडून पुन्हा आवळला आणि पुन्हा फेस लावला. फेस निश्चल राहिला तेव्हाच हीटर पेटवला. प्रोपेन हवेच्या सुमारे दीडपट जड असल्याने गळतीची सूचना देणारे यंत्र जमिनीलगत बसवले आहे. कार्बन मोनॉक्साइड ह्या विषारी वायूची सूचना देणारे यंत्र मात्र वेगळे, झोपायच्या खोलीच्या दाराबाहेर आहे, कारण गॅसला मुद्दाम वास घातलेला असतो पण ह्या वायूला वासच नसतो. बर्फ पडला की नळीचे बाहेरचे तोंड फावड्याने मोकळे करणे हे माझे काम. आणि आई, हीटरवर ओले टॉवेल वाळत घालायचे नाहीत.

आता खरे सांगायचे ते असे की जो हीटर मी नाकारला तोच, गिझरच्या रूपात, नाशिकच्या आपल्या बाथरूममध्ये आहे. त्याला धूर बाहेर नेणारी नळी नाही, खोली चार बाय पाच फुटांची, आणि तिचा हवेचा एकुलता एक झरोका बाबांनी गार वारा येतो म्हणून पुठ्ठा लावून बंद केला आहे. हवा अपुरी पडली की ज्योत कार्बन मोनॉक्साइड सोडते, आणि तो रक्तातल्या हिमोग्लोबिनला ऑक्सिजनपेक्षा २०० पटींहून अधिक घट्ट चिकटतो. डोके दुखते, मळमळते, आणि कडी काढण्याइतकेही बळ उरत नाही. मागच्या महिन्यात आंघोळीनंतर आईला गरगरले ते पित्तच होते असे मला आता वाटत नाही. तिला डॉक्टरांकडे न्या आणि गिझरचे आवर्जून सांगा.

पुठ्ठा आजच काढा आणि गिझर बंद ठेवा. तो मागच्या उघड्या गॅलरीत हलवून गरम पाणी नळाने आत घ्या, तोवर पाणी स्वयंपाकघरात खिडकी उघडी ठेवून तापवा. प्लंबरचे पैसे मी पाठवते. काम झाले की गॅलरीचा फोटो पाठवा, बाथरूमच्या रिकाम्या भिंतीचाही.

तुमची,
मनू