बंदोबस्त मिळाला, पण किती दिवसांचा?

संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

अधिकाऱ्याला कामच करू देत नाहीत म्हणून शेवटी कोर्टाने पोलीस संरक्षण द्यायला सांगितलं, अशी बातमी पेपरात अधूनमधून येते आणि लोक म्हणतात, बरं झालं, कोर्टाने दणका दिला. मी २८ वर्षं कोर्टात बेलिफ होतो, म्हणजे कोर्टाची समन्स-वॉरंटं बजावणारा, आता रिटायर झालोय, त्यामुळे माझ्या डोक्यात पहिला प्रश्न येतो तो हा की संरक्षण किती दिवसांचं?

ऑर्डर निघणं आणि बंदोबस्त मिळणं ह्याच्यामधे काय काय असतं ते बाहेर कुणाला दिसत नाही. आम्ही कब्जा वॉरंट, म्हणजे जागेचा ताबा घेऊन द्यायचा कोर्टाचा हुकूम, घेऊन जायचो तर समोर पंधरा-वीस माणसं उभी, बायका दारात आडव्या झोपलेल्या, एखाद्याच्या हातात रॉकेलचा डबा, की मग पंचांच्या सह्या घ्यायच्या, "अडथळा झाला" असा रिपोर्ट लिहायचा आणि वॉरंट परत. मग पक्षकाराचा पोलीस मदतीसाठी अर्ज, त्यावर दुसऱ्या बाजूचं म्हणणं, मग ऑर्डर, मग पोलीस स्टेशनला पत्र, बंदोबस्ताचे पैसे भरा, आणि एवढं सगळं झाल्यावर ठरलेल्या दिवशी सकाळी फोन येतो की आज मंत्र्यांचा दौरा आहे, माणसं नाहीत, पुढची तारीख घ्या. माझं एक वॉरंट असं चार वेळा परत आलं. पोलिसांकडे खरंच माणसं कमी असतात हे मीही बघितलंय, पण अडवणाऱ्याला तेवढ्यात कळून चुकतं की कोर्टाच्या कागदाला घाबरायचं काही कारण नाही.

आणि वाळूचा ट्रॅक्टर अडवायला रात्री बाईकवर एकटा जाणारा तलाठी, त्याने काय आधी हायकोर्टात रिट टाकायचं का? २५ जानेवारी २०११ ला मनमाडजवळ अपर जिल्हाधिकारी यशवंत सोनवणे ह्यांना तेलात भेसळ करणाऱ्यांनी भर दिवसा जिवंत जाळलं. ऑगस्ट २०२१ मधे ठाण्यात फेरीवाल्यांवरच्या कारवाईत महापालिकेच्या सहायक आयुक्त बाईंची बोटं तुटली, तेव्हा बॉडीगार्ड सोबत होता, त्याचंही बोट गेलं. हिमाचलमधे कसौलीला तर १ मे २०१८ ला सुप्रीम कोर्टाच्याच आदेशावरून अनधिकृत बांधकाम पाडायला गेलेल्या महिला अधिकाऱ्याला गोळी घालून मारलं, पोलीस बरोबर असताना. म्हणजे चार शिपाई उभे केले की झालं संरक्षण असंही नाही.

कायद्याचं म्हणाल तर जुन्या भारतीय दंड संहितेतल्या, सरकारी नोकरावर हल्ल्याच्या ३५३ कलमाची शिक्षा महाराष्ट्राने २०१८ मधे २ वर्षांवरून ५ वर्षं केली होती. १ जुलै २०२४ ला तिच्या जागी भारतीय न्याय संहिता आली आणि तिच्या १३२ कलमात परत २ वर्षंच. नुसता अडथळा असेल तर कलम २२१, त्याला जास्तीत जास्त ३ महिने किंवा २,५०० रुपये दंड किंवा दोन्ही, आणि त्यात कोर्ट दखल घेतं ते त्या नोकराने किंवा त्याच्या वरिष्ठाने लेखी तक्रार दिली तरच. आता वरिष्ठ काय म्हणतात ते नोकरी केलेल्या प्रत्येकाला माहीत आहे, "मिटवून टाका हो, कशाला वाढवता."

एक मात्र खरं, ह्याच कलमांचा बोर्ड सरकारी ऑफिसात टेबलामागे लावून ठेवतात आणि दाखल्यासाठी सहाव्यांदा आलेला माणूस जरा आवाज चढवून बोलला की त्या बोर्डाकडे बोट दाखवतात. हा काही अडथळा नाही. शांतपणे धरणं धरून बसलेले लोकही अडथळा नाहीत. हा फरक ऑफिसवाल्यांनी केला नाही तर उद्या खरोखर मार खाल्लेल्या माणसाबद्दलही लोकांना काही वाटणार नाही, आणि थोडंफार ते झालंच आहे.

माझं म्हणणं एवढंच आहे की कोर्टाच्या ऑर्डरमधे "योग्य ते संरक्षण द्यावं" असं मोघम नको. कुठल्या हुद्द्याच्या पोलीस अधिकाऱ्याने द्यायचं, काम झाल्यावर पुढे किती दिवस द्यायचं, आणि ऐन वेळी बंदोबस्त रद्द केला तर त्याचं कारण त्याने कोर्टाला लेखी कळवायचं, हे तिथेच लिहा. ते चार वेळा परत आलेलं वॉरंट शेवटी पाचव्या वेळी एका शुक्रवारी बजावलं, दोन गाड्या भरून पोलीस होते, बॅरिकेड लावले होते, पेपरात फोटोसुद्धा आला. सोमवारी त्याच गल्लीत दुसऱ्या केसचं समन्स घेऊन मी एकटाच सायकलवर गेलो, आणि कोपऱ्यावर तीच माणसं उभी होती.

आपला,
एक निवृत्त बेलिफ