धायटीची फुले खुडा, फांदी मोडू नका

संपादक महोदय,

मेळघाटच्या मुरमाड उतारांवर सध्या धायटी लालेलाल झाली आहे. या झुडपाच्या फुलाचा लाल भाग म्हणजे पाकळ्या नव्हेत, तो नळीसारखा निदलपुंज, म्हणजे पाकळ्यांबाहेरचे आवरण. पाकळ्या इतक्या बारीक, की शोधाव्या लागतात. फूल सुकले तरी ही नळी लवकर झडत नाही, बोंड तिच्याच आत पिकते. त्यामुळे आसव-अरिष्टांसाठी, म्हणजे आंबवून केलेल्या आयुर्वेदिक औषधांसाठी, सगळी फुले ओरबाडली, की बीही गेलेच. दर झुडपावर तिसरा हिस्सा तरी राखावा. घाईत फांदी मोडली तर पुढच्या साली फुलणार कशावर?

फुले ताडपत्रीवर पातळ पसरून सावलीत वाळवावीत. ओलसर पोत्यात भरली तर बुरशी धरते.

रोपे करायची तर वाळलेली तपकिरी बोंडे कागदावर चोळावीत. बी अगदी धुळीसारखे. चिमूटभर बी मूठभर चाळलेल्या रेतीत मिसळून वाफ्यावर भुरभुरावे, वर माती मुळीच टाकू नये; खोल गेलेले बी वर येत नाही. झारीच्या धारेने ते वाहून जाते, म्हणून बारीक फवाऱ्यानेच ओल ठेवावी. रोपवाटिकांनी यंदा सागासोबत धायटीचेही दोन वाफे टाकावेत, ही कळकळीची विनंती.

— वनोपज गोळा करणारे वाचक, चिखलदरा तालुका