तिकिटं काढली आहेत, आता ‘बघू’ नको

तीर्थरूप आई-बाबांना,
साष्टांग नमस्कार.

फोनवर विषय काढला की बाबा “बघू” म्हणतात आणि आईला नेमकं तेव्हाच नळाला पाणी येतं. म्हणून पत्र लिहितेय. दादा मोठ्या अक्षरात छापून आणून देईल. दोघांनी एकत्र बसून वाचा, आणि बाबा, मधलं गाळून शेवटावर उडी मारू नका.

सरळच सांगते. नोव्हेंबरची तुमची दोघांची माझ्याकडे टेक्ससला यायची तिकिटं काढली आहेत. न विचारता काढली, कारण विचारलं असतं तर आधी गाय आडवी आली असती, मग वांग्याची रोपं, मग कुणाच्या तरी नातीचं लग्न. गाईचं दादाने मान्य केलंय. दोन्ही वेळची धार वहिनीचा भाऊ काढणार आहे, त्याला गाय लाथ मारत नाही हे आईनेच मला सांगितलंय. डॉक्टरांना मात्र मी विचारलं. ते म्हणाले, प्रवासाला काहीही हरकत नाही, विमानात अधूनमधून उठून चालायचं आणि गोळ्या चुकवायच्या नाहीत. बाबांना स्टेंट घातला तेव्हा मी तिथे नव्हते. आईने फोन उलटा धरला होता आणि मला तासभर हॉस्पिटलचं छत दिसत होतं. त्याबद्दल जास्त लिहीत नाही, आई रडेल.

बाबा, मागच्या वेळी तुम्ही इथे आलात आणि खिडकीशी बसून राहिलात. तक्रार एकदाही केली नाहीत. आम्ही मॉल दाखवले, नासा दाखवलं, तुम्ही सगळीकडे “छान आहे” म्हणालात. मंडळाच्या कार्यक्रमात कुणीतरी शुगरवर उपाय विचारला, तेव्हा “मी गुरांचा डॉक्टर” म्हणून तुम्ही हसलात, तेवढंच मनापासूनचं हसू मला आठवतं. म्हणून या वेळी पहिली सहल मी ठरवून टाकली आहे. तुम्हाला काऊबॉय बघायला नेणार आहे.

थांबा, आधी ऐका. सिनेमातले बंदुकवाले नाहीत. आमच्या घरापासून गाडीने अर्ध्या तासाच्या आत, रिचमंड गावाजवळ जॉर्ज रँच नावाचा गुरांचा मोठा मळा आहे. 1824 मध्ये, टेक्सस अजून मेक्सिकोत होतं तेव्हा, हेन्री आणि नॅन्सी जोन्स हे जोडपं तिथे ब्राझोस नदीकाठी येऊन वसलं. त्याच घराण्याच्या चार पिढ्या त्या जमिनीवर नांदल्या. शेवटच्या जोडप्याला, मेमी आणि अल्बर्ट जॉर्जना, मागे कुणी उरलं नाही, तेव्हा 1945 मध्ये त्यांनी संस्था स्थापून जमीनजुमला तिच्या नावे केला. आता एका भागात ते जुने काळ उभे करून दाखवतात आणि बाकीच्या रानात आजही गुरं चरतात. सुरुवातीची शेती गुलामांच्या कष्टावर उभी राहिली, हेही तिथे सांगतात. टेक्ससमध्ये गुलामगिरी संपल्यावर त्या लोकांतले कित्येक जण पुढे पगारी काऊबॉय झाले. सिनेमात ते दिसत नाहीत.

मी धाकट्याला घेऊन जाऊन आले. तो घोड्यांपाशी रमला आणि मी गुरांच्या आवारात उभी राहिले, तर मला सारखा तुमचाच आवाज ऐकू येत होता.

तिथे 1930च्या काळातला गोचीड मारायचा हौद आहे. जमिनीत खोदलेला, सिमेंटचा, लांबट आणि इतका अरुंद की जनावराला आत वळता येत नाही. एकेक जनावर चिंचोळ्या वाटेने पुढे लोटतात, ते कडेला येऊन अडतं, पाय रोवतं, आणि मागच्याने रेटलं की धप्पकन आत. डोकं पाण्याखाली जातं, नाक फुरफुरत वर येतं, ते पोहत पलीकडच्या उतारावरून चढतं. वर उतरतं अंगण आहे, तिथे त्याला निथळत उभं करतात, म्हणजे अंगावरचं औषध ओघळून परत हौदात येतं. त्या काळी हौदात आर्सेनिक असायचं. धाकट्याने विचारलं, एवढा खटाटोप कशाला? मी म्हटलं, आजोबांना विचार.

कारण हा तुमचाच विषय आहे ना! लाल मूत, ताप, गोचीड. तुमच्या कॉलेजच्या जाड पुस्तकात “टेक्सस फीव्हर” लिहिलेलं मी पाचवीत असताना वाचलं होतं आणि तुम्ही म्हणाला होतात, नाव तिकडचं, रोग आपल्या गोठ्यात. तो गोचिडामुळे पसरतो हे थिओबाल्ड स्मिथ आणि किलबोर्न या इकडच्या संशोधकांनी 1893 मध्ये सिद्ध करून छापलं. 1906 मध्ये अमेरिकेने गोचीड हटवायची मोहीम काढली आणि 1943 पर्यंत मेक्सिकोच्या सीमेवरचा पट्टा सोडून देश मोकळा केला. त्या पट्ट्यात रिओ ग्रांदे नदीकाठी सरकारी माणसं अजूनही घोड्यावरून फिरतात आणि पलीकडून भरकटलेली गुरं पकडून गोचीड तपासतात. पगारी, पेन्शनवाली नोकरी. आईला हे सांगू नका, ती म्हणेल तुम्ही इथे जन्माला यायला हवं होतं.

आणि दुसरं. इकडच्या रानात पांढुरकी, वशिंडाची, गळ्याखाली लोंबत्या पोळीची गुरं दिसतात. पहिल्यांदा बघितली तेव्हा मला आटपाडीच्या गुरांच्या बाजाराची आठवण झाली. त्यांना इथे ‘ब्राह्मन’ म्हणतात, नावावरून हसायचं ते दोघांनी आत्ताच हसून घ्या. ही आपल्या बैलांची वंशावळ आहे. गीर, कांकरेज, ओंगोल आणि, बाबा, कृष्णाखोरीसुद्धा. 1906 मध्ये टेक्ससच्या पिअर्स रँचच्या बॉर्डेन नावाच्या व्यवस्थापकाने हिंदुस्थानातून जनावरं जहाजाने आणली. न्यूयॉर्कजवळ बेटावर अडकवून तपासली तर सर्रा हा रक्तातला रोग निघाला. काही मारावी लागली, 33 पुढे टेक्ससला पोहोचली. इथल्या उन्हात विलायती गुरं धापा टाकायची, गोचिडांनी खंगायची, ही मात्र तगली. मग त्यांचा संकर सगळीकडे झाला. आपल्याकडे तुम्ही जर्सी आणि होल्स्टिनच्या रेतनाच्या कांड्या घेऊन राजदूत फटफटीवरून वाड्यावस्त्या हिंडत होतात आणि इकडे लोक आपल्या बैलांपायी वेडे झाले होते. कृष्णाखोरीची जात आता काठावर शोधून सापडत नाही म्हणून तुम्ही हळहळता, तिचा थोडाफार अंश इथे कुंपणापलीकडे चरतोय. मला ते कुणाला तरी सांगायचं होतं आणि इथे कुणालाच त्याचं काही नाही.

दोराचं कामही बघाल. काऊबॉय वासराच्या मानेत फास टाकतो, दोराचं दुसरं टोक खोगिराच्या पुढच्या खुंटीला गुंडाळतो आणि खाली उतरतो. मग घोडा एकटाच दोर ताणून धरतो. वासरू इकडेतिकडे झालं की हाही पाऊल मागे-पुढे घेतो, कुणी सांगायला लागत नाही. जो माणूस हे करत होता तो साठीचा असेल, एकदाही ओरडला नाही. दोर टाकून बैल बसवताना तुम्हीही ओरडत नव्हतात. नालबंद शिव्या द्यायचा, आणि मला कान झाकायला सांगायचात.

आता आई, तुझ्यासाठी.

तिथे गाड्याच्या मागे फळकुटाचं कपाट लावून चुलीवर रांधतात. चार्ल्स गुडनाइट नावाच्या पशुपालकाने 1866 मध्ये असा गाडा बनवला, कारण गुरांचा कळप हाकत दूरच्या बाजारापर्यंत न्यायला महिने लागायचे आणि माणसांना रोज गरम जेवण हवं. बिडाच्या भांड्यात पाव भाजतात, झाकणावरही निखारे ठेवून. ते तू निरखून बघशील आणि घरी आल्यावर माझ्याकडे बिडाचं भांडं मागशील, मला माहीत आहे. पण खायचं आपण आपलं. त्यांच्या उसळीत डुकराचं मांस असतं. मी दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी घेईन, दही थंड पेटीत. गुरुवार नाहीये, शनिवार आहे. स्वच्छतागृह आहे, मी आत जाऊन पाहून आलेय, उंच कमोड आहे, दांडाही आहे. घडीची खुर्ची आणि व्हीलचेअर दोन्ही गाडीत असतील. लागली तर, नाहीतर नाही. नोव्हेंबरात इथे आपल्या दिवाळीसारखी हवा असते, शाल पुरेल.

एक गोष्ट आत्ताच लिहून ठेवते, तिथे गेल्यावर एकदम नको. ही गुरं दुधाची नाहीत. कशासाठी पाळतात ते तुला कळतं. मला पहिल्या वर्षी फार जड गेलं होतं. आपण त्याबद्दल तिथे कुणाशी बोलायचं नाही आणि तुला नको वाटलं तर तू माझ्याबरोबर जुन्या घराच्या ओसरीवर बस, बाबा आणि जावई गुरांकडे जातील. तुला जबरदस्ती नाही. पण यायचं नाही असं म्हणू नकोस, तू नसलीस की बाबा कुणाला “हे बघ” म्हणतील?

मार्चपर्यंत राहिलात तर ह्यूस्टनचा मोठा रोडिओही, म्हणजे काऊबॉयांच्या खेळांचा मेळा, बघता येईल. 1932 मध्ये गुरांच्या प्रदर्शनापासून त्याची सुरुवात झाली. त्याच्या आधी गावोगावहून लोक घोडे आणि छपराचे गाडे घेऊन रस्त्याने ह्यूस्टनला येतात, वाटेत मुक्काम करत, आपल्या दिंड्यांसारखे. सॉल्ट ग्रास नावाचा जथा तर 1952 पासून येतोय. आम्ही दरवर्षी चौकात उभं राहून बघतो. पण ते नंतर. राहण्याचा आग्रह मी आत्ता करत नाहीये, फक्त परतीची तारीख बदलता येणारं तिकीट घेतलंय.

आता सूचना, आणि यात “बघू” चालणार नाही.

बाबा, गोठ्यातले बूट आणू नका. धुतलेले सुद्धा नकोत. नवे घ्या, दादाला पैसे पाठवलेत. इथे 1929 नंतर लाळ्या-खुरकूत झालेला नाही आणि विमानतळावर विचारतात की तुम्ही शेतावर होतात का, गुरांना हात लावलात का. खरं सांगायचं, “हो” म्हणायचं, घाबरायचं नाही. तुम्हाला त्याचं कारण माझ्यापेक्षा चांगलं कळतं. म्हणूनच रँचला मी आल्या आल्या नेत नाही, आठवडा जाऊ देणार आहे. आई, घरचं तूप, खवा, पेढे काहीही नको. लपवून तर अजिबात नको. मेतकूट आण, गोडा मसाला आण, कुरडया आण.

गोळ्या सगळ्या दिवसांच्या, त्यावर पंधरा दिवसांच्या जास्त, सगळ्या हातातल्या पिशवीत. डॉक्टरांची चिठ्ठी इंग्रजीत आणि औषधाच्या मूळ नावाने. रक्त पातळ करायची गोळी चुकली तर बाबा “काही होत नाही” म्हणतात. होतं. बैलाला तुम्ही असं करू दिलं नसतं. विम्याचे कागद दादाकडे पाठवलेत, हृदयाच्या जुन्या आजाराला त्यात किती संरक्षण आहे ते मी ओळ न् ओळ वाचलंय. विमानतळावर दोघांनाही व्हीलचेअर सांगितली आहे. बाबांना लाज वाटेल. वाटू दे. रांगेत दोन तास उभं राहून गुडघे सुजवण्यापेक्षा बरं. पायमोजे घट्टवाले, पाणी पीत राहायचं, विमानातलं लोणचं खायचं नाही.

खोलीची काळजी करू नका. खालची खोली तुमची, पायऱ्या नाहीत. गाद्या कडक आहेत, बाबांना हव्या तशा. देव्हारा ठेवलाय, समई विजेची आहे, आई, रागवू नकोस, इथे धुराच्या घंटा वाजतात. सकाळचा चहा तूच कर, माझा तुला पांचट लागतो. मराठी पेपर टॅबलेटवर वाचता येतात, धाकट्याने अक्षरं मोठी करून ठेवली आहेत. त्याने आजोबांसाठी प्रश्नही लिहून ठेवलेत. पहिला प्रश्न, गाय उभ्याने झोपते का?

दादावर रागावू नका, तिकिटांचं त्याला मी आदल्या रात्रीच सांगितलं. शुक्रवारी रात्री तुमच्या नऊ वाजता व्हिडिओ कॉल करते. तेव्हा गोळ्यांची यादी हातात घेऊन बसा आणि पासपोर्टची शेवटची तारीख वाचून दाखवा.

तुमची लाडकी (आणि हट्टी),
चिमी

ता.क. बाबा घोड्यावर बसणार नाहीत. आईने दादाकडून मला निरोप धाडायच्या आधीच लिहितेय. कुंपणाला हात लावून उभं राहायचं, तेवढंच.