अनू, त्या हमीपत्रावर सही करायच्या आधी हे वाच

चि. अनू, अनेक आशीर्वाद.

काल फोनवर म्हणालीस की पुढच्या टर्मला तुम्हा पॉलिटेक्निकच्या कंत्राटी लेक्चररना नेमणुकीची ऑर्डर मिळणार नाही, तुमच्या जागी दुसरे कंत्राटी लेक्चरर घेणार, आणि वर 'जाऊ दे आई, कंत्राटीला कसला आलाय हक्क' म्हणून फोन ठेवलास. ते मला फार लागलं. नोकरीभर आस्थापनेच्या टेबलावर अशाच फायली बघितल्यात मी, म्हणून सगळं लिहूनच पाठवतेय.

तुमच्या ऑफिसात ज्या निकालाची भीती घालतात तो उमादेवीचा. 10 एप्रिल 2006, सुप्रीम कोर्टाचं 5 जणांचं घटनापीठ. नुसती तात्पुरती नोकरी बरीच वर्षं केली म्हणून कायम व्हायचा हक्क मिळत नाही, कारण राज्यघटनेच्या कलम 14 आणि 16 प्रमाणे सरकारी जागेवर सगळ्यांना समान संधी पाहिजे. मला हे पटतं गं, तिकडे पुण्यात खोल्या घेऊन एमपीएससीचा अभ्यास करणारी पोरं आहेत, कुणी साहेबाच्या ओळखीने आत शिरून कायम झालं तर त्यांनी काय करायचं. पण त्याच निकालात परिच्छेद 53 आहे आणि तो मात्र कुणी वाचून दाखवत नाही. त्यात बेकायदेशीर नेमणूक आणि नुसती अनियमित नेमणूक असा फरक केलाय, पात्र माणूस मंजूर रिक्त पदावर 10 वर्षं कोर्टाच्या आदेशाशिवाय काम करत असेल तर एकदा त्यांना कायम करायची पावलं उचला असं सरकारांना सांगितलंय. आणि डिसेंबर 2024 मध्ये जग्गो केसमध्ये, केंद्रीय जल आयोगातल्या सफाई आणि बागकाम करणाऱ्यांना अचानक काढलं होतं, त्यांना परत घेऊन कायम करा असा आदेश झाला. उमादेवीचं नाव पुढे करून वर्षानुवर्षं राबलेल्यांना नाकारू नका हेही कोर्टाने सुनावलं.

आता तुझं बघ. तू मागच्या दाराने आलेली नाहीस. पेपरात जाहिरात होती, निवड समितीपुढे मुलाखत झाली, पद मंजूर आहे. अगदी असेच पॉलिटेक्निकचे कंत्राटी लेक्चरर नागपूर खंडपीठात गेले होते, सचिन दवळे विरुद्ध महाराष्ट्र शासन, 2013, तिथे तांत्रिक खंड, म्हणजे दोन ऑर्डरींच्या मधे मुद्दाम पाडलेली सुट्टी, धरूनही 3 वर्षं सेवा झालेल्यांना कायम करायचा आदेश मिळाला. आणि एक कंत्राटी काढून त्याजागी दुसरा कंत्राटी आणायचा नाही, आणायचा तर नियमित निवड झालेलाच, हे तर सुप्रीम कोर्टाने 1992 मध्ये पियारा सिंगच्या केसमध्येच म्हटलंय. तुझ्या हातात आज हाच मुद्दा सगळ्यात पक्का आहे, वकिलाला आधी हाच सांग.

ती जाहिरात, निवड यादी, प्रत्येक ऑर्डर, रुजू अहवाल, मधल्या खंडात तू पेपर तपासले त्याची पत्रं, सगळं स्कॅन करून मला पाठव. नसेल ते माहितीच्या अधिकारात माग. हजेरीची झेरॉक्ससुद्धा लागते. आणि 'कायम करण्याचा हक्क सांगणार नाही' असं जे हमीपत्र पुढे करतायत त्यावर घाईने सही करू नकोस, 2 दिवस मागून घे, वकिलाला दाखव. आधी सही केली असेल तरी घाबरू नको, नोकरीसाठी अडलेल्या माणसाकडून काय लिहून घेतात ते कोर्टालाही कळतं.

मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जायचं की हायकोर्टात ते वकील ठरवेल, पण मॅटला एक वर्षाची मुदत असते आणि निवेदनावर निवेदन देत बसलं म्हणून ती वाढत नाही, आमच्याकडे कितीतरी जण असेच अडकले. कोर्टात जाऊन उद्या लगेच काही होईल असं नाही, तारखा पडतील, म्हणून एमपीएससीचा फॉर्म भरायचाच, तेही सोडू नकोस.

तुमच्यातले आणखी कोण कोण तयार आहेत ते विचार, एकत्र गेलात तर वकिलाची फी वाटून घेता येईल. पैशाची काळजी करू नको, मी आणि बाबांनी बोलून ठेवलंय. शनिवारी ये, फाईल घेऊन.

तुझी आई