‘अघोरी’ हा शब्द जरा जपून छापा

संपादक साहेब, सप्रेम नमस्कार.

गुप्तधनासाठी कुणाचा जीव घेतला, आजारी बाईला चटके दिले, अशा बातम्या अधूनमधून येतात आणि प्रत्येक वेळी हेडिंग ठरलेलं, ‘अघोरी प्रकार’ नाहीतर ‘अघोरी कृत्य’. मध्ये अशाच एका बातमीसोबत फोटो होता राख फासलेल्या, जटावाल्या साधूचा. बातमी शेवटपर्यंत दोनदा वाचली, त्यात साधू कुठेच नव्हता, आरोपी सगळे त्या घरातलेच. मग तो फोटो कशासाठी? हे मनाला फार लागलं म्हणून लिहितोय.

अघोर म्हणजे जे घोर नाही, भयंकर नाही ते. शंकराच्या पाच मुखांपैकी एकाचं नाव अघोर आहे आणि पूजेत ‘अघोरेभ्यो’ हा मंत्र आजही म्हणतात. आपण मात्र मराठीत त्याचा अर्थ पार उलटा करून टाकलाय, इतका की २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याच्या नावातसुद्धा ‘अमानुष, अनिष्ट व अघोरी प्रथा’ असंच आहे. गैरसमज नको, मी त्या कायद्याच्या बाजूचा आहे, डॉ. दाभोलकरांचा खून झाल्यावर तो आला, खरं तर आधीच यायला पाहिजे होता. भोंदूला तुरुंगातच टाका. पण अघोरी हा शिवभक्त साधूंचा पंथ आहे, आणि एका पंथाचं नाव गुन्ह्याला कायमचं चिकटवलं की त्या पंथाचा माणूस न बघताच गुन्हेगार ठरतो, त्याचं काय?

मी काशीला गेलो होतो तेव्हा क्रींकुंडावर गेलो, अघोरी साधू बाबा कीनारामांचं स्थान. घरचे नको म्हणत होते, मीही खरं सांगतो घाबरतच गेलो. आत बघतो तर धुनी पेटलेली, तिच्यात स्मशानातली लाकडं घालतात, आणि समोर साध्यासुध्या बाया लेकरं मांडीवर घेऊन बसलेल्या, चिमूटभर राख घ्यायची, पोराच्या कपाळाला लावायची आणि निघायचं. कुणी ओरडत नाही, पैसे मागत नाही. याच परंपरेतल्या अवधूत भगवान राम यांनी १९६१ मध्ये सर्वेश्वरी समूह सुरू केला आणि गंगेच्या पलीकडे पडावला कुष्ठरोग्यांसाठी आश्रम आणि दवाखाना उभा केला. ज्या काळात घरचे लोक महारोग्याला हाकलून देत होते त्या काळात त्यांच्या जखमा धुवायला हे अघोरी पुढे आले. मला वाटतं यातच त्या साधनेचं मर्म आहे. स्मशानात बसणं, कवटीत खाणं, दारू हे सगळं जुन्या साधनेत आहे, मी ते लपवत नाही आणि ते सगळ्यांना पटावं असंही म्हणत नाही, पण किळस आणि भीती मनातून उपटून काढायची हा त्यामागचा हेतू, आणि किळस गेली की मग सडलेल्या बोटांना हात लावताना हात थरथरत नाही.

आणि नागा साधू म्हणजे अघोरी नव्हे, हे तरी निदान पेपरवाल्यांना माहीत पाहिजे. नागा आखाड्याचा असतो, तिथे गुरू, पंच, शिस्त सगळं असतं. संन्यास घेताना तो स्वतःचं श्राद्ध स्वतः घालतो, स्वतःचं पिंडदान करतो. जगाच्या दृष्टीने तो मेलेला, मग त्याला कपडा काय आणि लाज काय.

आपल्याला हे परकं वाटावं याचंच मला आश्चर्य वाटतं. तेराव्या शतकात अमरावतीकडच्या रिद्धपूरला गोविंदप्रभू होते, चक्रधरस्वामींचे गुरू. एकटेच हसायचे, पोरांबरोबर खेळायचे, कुणाच्याही घरात शिरून ताटातलं उचलून खायचे, महार-मांगांच्या घरीसुद्धा. लोक वेडा म्हणायचे आणि तेच लोक अडलं की राऊळ माय, राऊळ बाप म्हणून धावत जायचे. म्हाइंभटांनी त्यांच्या लीळा लिहून ठेवल्या म्हणून आज आपल्याला ते कळतं. शेगावचं तर सांगायलाच नको, १८७८ साली महाराज पहिल्यांदा दिसले ते उष्ट्या पत्रावळीवरची शितं वेचताना. बंकटलालने थांबून नीट बघितलं. त्या दिवशी कुणी फोटो काढून खाली ‘अघोरी प्रकार’ लिहिलं असतं तर?

आता जे लिहितोय ते लिहिताना हात जड होतो. १ जुलै २०१८ ला धुळे जिल्ह्यात राईनपाड्याला पाच जणांना पोरं पळवणारे समजून जमावाने ठेचून मारलं. ते नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे होते, बहुतेक मंगळवेढ्याकडचे, भिक्षा मागून पोट भरणारे. ज्या नाथपंथातून निवृत्तीनाथांना आणि त्यांच्याकडून माउलींना उपदेश मिळाला त्याच पंथाचं नाव लावणारी ही माणसं. मग १६ एप्रिल २०२० ला पालघरमध्ये गडचिंचले इथे दोन साधू आणि त्यांचा ड्रायव्हर, पुन्हा तीच अफवा. अफवा व्हॉट्सॲपवरून आणि तोंडोतोंडी पसरल्या, पेपरने पसरवल्या असं मी म्हणत नाही. पण फिरता गोसावी दारात आला की पोरांना आत ओढायचं ही भीती एका रात्रीत तयार होत नाही, वर्षानुवर्षं असल्या हेडिंगांनी आणि फोटोंनीच ती मुरत जाते.

२०२७ ला नाशिक-त्र्यंबकचा सिंहस्थ आहे, तुमचे रिपोर्टर, फोटोग्राफर तिथे असतीलच. त्यांना एवढंच सांगा की धुनीपाशी गेल्यावर आधी ‘ॐ नमो नारायण’ म्हणा, नाथांचा असेल तर ‘आदेश’ म्हणा, बसा, विचारा आणि मगच कॅमेरा काढा. फोटोखाली ‘अजब साधू’ न लिहिता आखाड्याचं नाव लिहा. आणि एखाद्या नराधमाने पोराचा बळी दिला तर बातमीत सरळ खून लिहा, नरबळी लिहा. तो शब्द पुरेसा आहे.

आपला,
एक जुना वाचक