बर्फावर पडलेला पाऊस

महोदय,

उत्तर ध्रुवाकडील बर्फ वितळल्यामुळे जहाजांना नवा मार्ग मिळेल, युरोप जवळ येईल, अशा आशयाचे लेख आपल्या दैनिकात अधूनमधून वाचायला मिळतात. सोबत बहुधा हिमखंडावर उभ्या असलेल्या एकट्या अस्वलाचे छायाचित्र असते. त्या प्रदेशात माणसेही राहतात, याचा पत्ता मात्र लागत नाही.

रशियाच्या यामाल द्वीपकल्पावर नेनेत्स लोक रेनडिअरचे कळप घेऊन शेकडो किलोमीटर भटकतात. त्यांचा ‘चूम’ नावाचा तंबू याच जनावराच्या कातड्यांचा असतो आणि बिऱ्हाड लादलेल्या घसरगाड्याही तेच ओढते. हिवाळ्यात रेनडिअर भुसभुशीत बर्फ खुरांनी उकरून खालचे शैवाक खातो. (आपल्या मसाल्यातले दगडफूल हेही एक शैवाकच.) नोव्हेंबर २०१३ मध्ये तेथे साचलेल्या बर्फावर पाऊस पडला, पाठोपाठ कडाक्याची थंडी आली आणि भिजलेल्या बर्फाचा असा टणक थर झाला की त्यावर खूर चालेना. चारा पायाखाली असूनही सुमारे ६१ हजार जनावरे उपासमारीने मेली. २००६ मध्येही असेच सुमारे २० हजार रेनडिअर गेले होते. संशोधक याचा संबंध बॅरेंट्स आणि कारा समुद्रांवरील घटत्या बर्फाशी लावतात, कारण उघड्या पाण्यावरून दमट हवा किनाऱ्याकडे येते. ज्यांचे कळप गेले, त्यांच्या गाड्या ओढायला जनावरच उरले नाही. अशी कुटुंबे जागच्या जागी अडकली आणि मासेमारीवर दिवस काढू लागली. त्याच भटकंतीच्या वाटांवर बोवानेन्कोवो वायुक्षेत्राच्या नळवाहिन्या आणि लोहमार्ग आहेत, ही अडचण वेगळीच. २०१६ च्या उन्हाळ्यात तर तेथे अँथ्रॅक्सची, म्हणजे आपले पशुपालक ज्याला फाशी म्हणतात त्या रोगाची साथ येऊन दोन हजारांवर रेनडिअर आणि एक बारा वर्षांचा मुलगा दगावला.

या विषयातील जाणकार शोधायला आपल्या वार्ताहरांना फार लांब जावे लागणार नाही. राष्ट्रीय ध्रुवीय व समुद्री संशोधन केंद्र गोव्यात वास्कोला आहे. या केंद्राचे ‘हिमाद्री’ हे संशोधन स्थानक २००८ पासून आर्क्टिकमधील, म्हणजे उत्तर ध्रुवाकडील, ज्या स्वालबार्ड द्वीपसमूहावर आहे, तेथे मूळ रहिवासी कधी नव्हतेच. आर्क्टिक म्हणजे निर्जन, ही आपली समजूत कदाचित त्यामुळेही पक्की झाली असावी. जलमार्गावरील पुढच्या लेखाच्या शेजारी नेनेत्स कळपांसाठी एखादा रकाना द्यावा, ही विनंती.

आपला,
एक निवृत्त भूगोल शिक्षक, सातारा