शेवटच्या तोटीतून पाणी किती पडते?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

हवामानबदल आणि पाणीटंचाईचा विषय निघाला की ठिबक सिंचनाखाली किती क्षेत्र आले, याचे आकडे हमखास दिले जातात. ठिबकाच्या नळीवरच्या शेवटच्या तोटीतून (ड्रिपरमधून) किती पाणी पडते, हे मात्र फार थोडे जण मोजतात.

मोजणे अवघड नाही. ताशी ४ लिटरच्या तोटीखाली भांडे ठेवले, तर ३ मिनिटांत २०० मिली पाणी जमायला हवे. चार नळ्या निवडाव्यात. प्रत्येकीवर सुरुवातीला, एक तृतीयांश व दोन तृतीयांश अंतरावर आणि टोकाला मोजावे. या १६ मोजणींतल्या सर्वांत कमी चारांची सरासरी एकूण सरासरीच्या ९० टक्क्यांहून जास्त असेल, तर संच उत्तम. ती ८० च्या खाली गेली, तर तोट्या चोंदल्यात किंवा दाब पुरत नाही. मग टोकाची झाडे सुकतात म्हणून पंप जास्त वेळ चालतो आणि सुरुवातीच्या झाडांना वाफसा, म्हणजे मुळांना ओल आणि हवा दोन्ही मिळेल अशी जमीन, मिळतच नाही. पाणी जाते, खत झिरपून जाते आणि पीक दोन्ही टोकांना घटते.

उन्हाळे कडक होतील तसा हा त्रास वाढणार. पाणी क्षारयुक्त असेल, तर तापलेल्या नळीत कॅल्शियम कार्बोनेटचा साका लवकर बसतो. पंप बंद झाल्यावर तोटीच्या तोंडाशी थेंब वाळतो आणि पांढरी खपली उरते. ती आम्लानेच सुटते. १० लिटर पाण्याचा सामू (पीएच) ४ वर आणायला किती मिली आम्ल लागते, ते आधी बादलीत पाहावे. त्याच प्रमाणात ते व्हेंचुरीतून (खत वा आम्ल नळीत ओढून घेणाऱ्या साधनातून) सोडावे. शेवटच्या तोटीशी सामू ४ आला की संच २४ तास बंद ठेवावा, मग नळ्यांची टोके उघडून स्वच्छ पाणी येईपर्यंत धुवावे. आम्ल नेहमी पाण्यात ओतावे. आम्लात पाणी कधीही नाही. शेवाळासाठी क्लोरीन लागते, पण आम्ल आणि क्लोरीन एकत्र आले तर विषारी वायू निघतो. या दोन प्रक्रिया वेगवेगळ्या दिवशीच कराव्यात.

कॅल्शियम नायट्रेट आणि फॉस्फेटयुक्त खत एकाच टाकीत कालवले, तर साका टाकीतच तयार होतो. फिल्टरच्या आधीच्या व नंतरच्या दाबात दर चौरस सेंटिमीटरला ०.५ किलोहून जास्त फरक दिसला, की फिल्टर त्याच दिवशी धुवावा.

ठिबकाच्या क्षेत्राचे आकडे छापताना १६ ठिकाणच्या या मोजणीचा आकडाही आपण मागावा, ही कळकळीची विनंती.

आपला,
सिंचन क्षेत्रातील एक वाचक